साखरेचा खडा फुटतो तेव्हा

लादन,

तुझा शेवटचा मेसेज माझ्या फोनमध्ये तसाच आहे. पुन्हा ऐकायची हिंमत झालेली नाही, पण तो पाठ आहे. "वैजू जान, चहा टाकलाय. येताना ईलिंग रोडवरून मेथी आण, नीट बघून, लास्ट टाइमसारखी जून नको. आणि भांडायच्या तयारीने ये." शेवटी तू हसलीस. मागे तुझ्या आई, मामान, काहीतरी विचारत होत्या आणि तू त्यांना फारसीत "आत्ता येते" म्हणालीस.

मी मेथी घेतली. जुड्या उलटसुलट करून, पानं चिमटीत धरून बघितली. दुकानदार गुजरातीत काहीतरी पुटपुटला, मी लक्ष दिलं नाही. तुझ्या गल्लीत वळले तर बिल्डिंगखाली ॲम्ब्युलन्स उभी होती, इंजिन चालू. मला वाटलं, खालच्या मजल्यावरच्या आजोबांना पुन्हा काही झालं असेल. आणि मग माझ्या मनात काय आलं सांगू? आज शूटिंग असतं तर या इंजिनाने सगळा साउंड वाया घालवला असता. खरंच, तुझ्याच जिन्याखाली उभी राहून मी असा विचार केला.

वर दार सताड उघडं होतं. हिरव्या कपड्यांतली दोन माणसं हॉलमध्ये गुडघ्यांवर बसली होती, त्यांच्या मध्ये तू. तुझा चेहरा मला दिसला नाही, पायातली लोकरी चप्पल दिसली, एकच. तुझ्या आई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या, ताठ. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "चहा?"

मी "हो" म्हटलं.

त्यांनी काचेच्या पेल्यात चहा ओतला, साखरदाणी पुढे केली, आणि मी एका हातात मेथीची पिशवी धरून तो चहा प्यायले. उभ्या उभ्या. गरम होता, तू टाकलेला होता, आणि पलीकडे ती माणसं तुझ्या छातीवर दाब देत मोजत होती. आम्ही दोघी तेव्हा वेड्या झालो होतो की काय, मला सांगता येणार नाही. पाहुणा आला की चहा विचारायचा हे त्यांच्या हाताला माहीत होतं, आणि दिलेल्या चहाला नाही म्हणायचं नाही हे माझ्या. मेंदूत रक्तस्राव झाला म्हणाले. तू कोसळलीस तेव्हाच संपलं होतं म्हणाले. आणि मी तिथे उभी राहून चहा प्यायले, लादन.

भांडायला बोलावून असं निघून जातं का कुणी?

हे मी मराठीत लिहितेय. तुला मराठीतले शब्द फक्त खाण्यापिण्याचे आणि शिव्या येत होत्या. पण इंग्रजीत लिहायला बसले की मी शहाण्यासारखं बोलायला लागते. तुझ्याबद्दल इंग्रजीत लिहायला बाकीचे आहेतच, ते लिहितायत. "इराणी डायस्पोराचा आवाज" असं कुणीतरी लिहिलंय. आवाज! तुझ्या आवाजाचं काय काय मी कापून टाकलंय ते त्यांना माहीत नाही.

आपली ओळखच मेथीवरून झाली. त्याच दुकानात, तू सगळ्या जुड्या एकटीने ट्रॉलीत भरत होतीस आणि मी मागून ओरडले होते, "एक्सक्यूज मी, एखादी ठेवा की!" तू वळलीस. मी तुला ओळखलं, टीव्हीवर पाहिलं होतं. तू म्हणालीस, "अरे, सगळ्याच घ्या ना, प्लीज, तुमच्यासाठीच होत्या," आणि अख्खी ट्रॉली माझ्याकडे ढकललीस. मी साताऱ्याची. मी ती घेतली. पैसे देऊन बाहेर पडले तेव्हा तू दारात उभी राहून अविश्वासाने बघत होतीस. मग इतकी हसलीस की तुला भिंतीला टेकावं लागलं. तुमच्याकडे मेथी हिरव्या भाजीच्या रश्श्यात घालतात, तासन्‌तास शिजवतात आणि पार काळी करून टाकतात, हे मला त्या दिवशी कळलं. "मेथीचा खून," मी म्हटलं होतं. तू म्हणालीस, "उद्या जेवायला ये, साक्षीदार म्हणून."

आणि दुसऱ्या दिवशी मी त्याहून मोठा घोळ घातला. तुझ्या आई, ज्यांना तू मामान म्हणायचीस आणि ज्यांना मीही पुढे मामानच म्हणायला लागले, त्यांनी चहाबरोबर साखरदाणी पुढे केली. चांदीसारखी, झाकणावर छोटा पक्षी. मी म्हटलं, "किती सुरेख आहे!" मामान छातीवर हात ठेवून म्हणाल्या, "तुमचीच आहे. घेऊन जा." मी नको म्हटलं. त्या पुन्हा घ्या म्हणाल्या. आमच्याकडे एवढा आग्रह कुणी केला तर मोडू नये, म्हणून मी घेतली. घरी जाऊन नवऱ्याला दाखवली. बघ म्हटलं, काय मनाची श्रीमंती आहे या लोकांची.

पुढे कितीतरी आठवड्यांनी, गाडीत, तू मला ताआरोफ म्हणजे काय ते सांगितलंस. मनात नसलं तरी द्यायचं आणि हवं असलं तरी नको म्हणायचं. कुणी वस्तूचं कौतुक केलं की ती "तुमचीच" म्हणायची, आणि समोरच्याने ती कधीच, कधीही घ्यायची नाही. ती साखरदाणी मामाननी शिराझहून येताना एकुलत्या एका बॅगेत आणलेली होती. गेले कितीतरी आठवडे त्या सुपरमार्केटच्या खोक्यातून साखरेचे खडे काढून चहा पीत होत्या. मला रस्त्यातच गाडीतून उतरून जावंसं वाटलं. तू डोळे पुसत पुसत गाडी चालवत होतीस, हसून हसून. "परत नको हां देऊस," तू म्हणालीस. "दिलेलं परत घेणं म्हणजे त्यांचा अपमान."

मग मी साताऱ्याहून कंदी पेढे मागवले, साखरदाणी पेढ्यांनी भरली आणि मामानच्या पुढ्यात ठेवली. म्हटलं, आमच्याकडे कुणाचं भांडं रिकामं परत करत नाहीत. मामाननी आधी पेढे बघितले, मग झाकणावरचा पक्षी, मग मला. आणि ताआरोफचा एकही शब्द न बोलता साखरदाणी उचलून आत नेली. "व्हॉट अ लूपहोल!" तू जिन्यात मला मिठी मारून म्हणालीस. "पाच हजार वर्षांची सिव्हिलायझेशन आणि तू तिला पेढ्यांनी हरवलंस."

त्यानंतर तू मला तुझ्या फिल्म्ससाठी साउंड करायला बोलावलंस. मी पुण्यात साउंड शिकले होते, पण इथे येऊन लग्नांचे व्हिडिओ आणि ऑफिसांच्या ट्रेनिंग फिल्म्स करत होते. वेम्बलीतली किती बँड-बाजा-वरात मी रेकॉर्ड केली असेल, देव जाणे. तू मला पहिल्यांदा शांतता रेकॉर्ड करायला लावलीस.

तुला ते काम मनापासून नकोसं होतं, हेही खरं. सीन संपला की खोलीतल्या सगळ्यांनी गप्प उभं राहायचं आणि नुसत्या खोलीचा आवाज रेकॉर्ड करायचा. फ्रिज, पाइप, खिडकीबाहेरचा रस्ता. रूम टोन म्हणतात त्याला, एडिटिंगमध्ये संवादांच्या फटी बुजवायला लागतो. मोजून अर्धं मिनिट गप्प राहायचं, बस. आणि तुला ते एकदाही जमलं नाही! कट म्हटलं की तू साखरेचा खडा तोंडात टाकायचीस, तो दातांत धरून त्यावरून चहा प्यायची तुमची पद्धत, पण तुझ्याकडे चहा येईपर्यंत दम कुठे? मी हेडफोन लावून डोळे मिटून उभी, आणि ऐन शांततेत माझ्या कानात, कुडुम. मी डोळे वटारायचे. तू गाल फुगवून निरागस चेहरा करायचीस. नॉर्थ लंडनमधल्या तुमच्या निर्वासित मंडळींच्या ज्या ज्या घरी आपण शूट केलं, त्या प्रत्येक घराच्या शांततेत तुझा खडा फुटलेला आहे. मी घरी बसून ते एक एक कुडुम पुसत बसायचे. मामान तुला ओरडायच्या, दात जातील म्हणून.

टीव्हीवाल्यांनी तुला वीस वर्षं दारात उभं केलं. पोलीस बेल वाजवतात, तू दार उघडतेस, मुलगा काय करून बसलाय ते कळतं, तू चौकटीला धरून रडतेस. कास्टिंगच्या कागदावर तुला नावसुद्धा नसायचं, फक्त "आई" किंवा "शेजारीण". फारसीत काय बोलायचं ते कुणी लिहून देत नसे, तुम्हीच बोला काहीतरी. म्हणून तू ऊर बडवत, हंबरडा फोडत, भाजीचा रस्सा कसा करायचा ते सांगायचीस. "मेथी शेवटी घाला होऽऽ" असं तू एका मालिकेत आक्रोश करून म्हणालीस आणि इंग्लंडभर लोकांचे डोळे पाणावले. ती क्लिप आपण किती वेळा बघितली! पण एकदा बघून झाल्यावर तू हसायची थांबलीस आणि म्हणालीस, "वैजू, मला आता खऱ्या दारात उभं राहायचंय. माझ्या आईच्या."

तिथून आपली ही फिल्म निघाली, जी आता माझ्या हार्ड डिस्कवर आहे आणि जिचं काय करायचं ते मला कळत नाहीये.

तुझे नियम ठरलेले होते. फ्रेममध्ये डाळिंब नाही, गालिचा नाही, खिडकीतून बघणारी उदास बाई नाही. "गोऱ्यांना जो इराण हवाय तो त्यांना म्युझियममध्ये मिळेल." फक्त मामाननी शिराझचं घर सोडलं तो दिवस. तू तेव्हा तिथे नव्हतीस. तू शाळकरी असतानाच मावशीबरोबर इकडे आली होतीस, मामान नंतर कितीतरी वर्षांनी आल्या, एकट्या. त्या दिवसाबद्दल त्यांनी तुला कधी काही सांगितलं नाही. विचारलं की म्हणायच्या, "ते राहू दे, तू जेवलीस का?" म्हणून तूच मामान झालीस. त्यांचा जुना कोट घातलास, स्वयंपाकघरातलं सामान हलवून ते शिराझचं केलंस, कॅमेरा स्टँडवर लावलास. आपण दोघीच होतो. आणि कोपऱ्यातल्या खुर्चीवर मामान, कॅमेऱ्यात दिसणार नाहीत अशा, मुलगी आपली भूमिका कशी करते ते बघत. कॅमेऱ्यासमोर यायला त्यांनी कायम नकार दिला होता. म्हणजे, नकार कसला, "हो, हो, उद्या" असं म्हणत राहिल्या होत्या.

तू काय काम केलंस त्या दिवशी! कुलपात किल्ली फिरवलीस, दाराला कपाळ टेकलंस आणि रडलीस. मला माइकचा बूम धरवेना. कट म्हटल्यावरही तू हुंदके देत होतीस. मी म्हटलं, सॉरी, पण रूम टोन घ्यायलाच हवा. तू मान हलवलीस, खडा तोंडात टाकलास. मी हेडफोन घट्ट केले. फ्रिज. बाहेर एक बस. कुडुम. आणि मग मामानचा आवाज, हळू, जसं काही स्वतःशीच.

मला तेवढी फारसी येत नाही. तुझा चेहरा बघून कळलं की काहीतरी झालंय. तू तिथेच जमिनीवर बसलीस. नंतर जिन्यात येऊन तू मला सांगितलंस, त्या काय म्हणाल्या ते. "मी रडले नव्हते. गॅस बंद केलाय की नाही ते आठवत होते."

"वीस वर्षं," तू म्हणालीस. "वीस वर्षं मी दारात रडतेय. टीव्हीवाल्यांनी सांगितलं आणि मी रडले, आणि मग माझ्या आईच्या दारातसुद्धा जाऊन तेच केलं. कुणी सांगितलं नव्हतं तरी!" मग म्हणालीस, "दॅट्स द फिल्म, वैजू. ते वाक्य. शेवटी काळ्या पडद्यावर फक्त ते वाक्य."

"विचार त्यांना," मी म्हटलं.

"विचारलं की हो म्हणतील."

"मग प्रश्नच मिटला."

"अगं, हो म्हणतीलच! तूच साखरदाणी घेऊन गेली होतीस ना? माझी आई कुणालाच 'नाही' म्हणत नाही. तिच्या 'हो'चा अर्थ काय लावू मी?"

"मग वापरू नकोस."

"तो खरा शब्द आहे. सगळ्या फिल्ममधला एकुलता एक."

"तो त्यांनी कॅमेऱ्यासाठी म्हटलेला नाही. चोरी आहे ती, लादन. माझ्या माइकने केलेली."

"साताऱ्यात सगळंच सोपं असतं बाई," तू म्हणालीस आणि दाणदाण पायऱ्या चढून गेलीस.

हे भांडण मग आपलं कायमचंच झालं. गाडीत, भाजी घेताना, फोनवर. तू म्हणायचीस, तिला विचारणं म्हणजे तिला खोटं बोलायला लावणं. मी म्हणायचे, न विचारणं म्हणजे त्यांना खुर्चीतली वस्तू करणं. मी ट्रॅक देणारच नाही असंही एकदा बोलून गेले. तू म्हणालीस, मग तूच ठेव, माझ्या आईचा आवाज तुझ्या कपाटात. मध्येच एका रविवारी मी माझ्या आईला साताऱ्याला फोन करून विचारलं, "आई, मी इकडे यायला निघाले त्या दिवशी तू रडलीस का गं?" आई म्हणाली, "रडायला सवड कुठे होती? त्या दिवशी नेमकं पाणी आलं होतं, तुझी टॅक्सी वळली आणि मी पिंप भरायला धावले. का गं? बरी आहेस ना?" मी तुला हे सांगितलं तर तू टेबलावर हात आपटलास. "सगळ्या! सगळ्या आया!" आणि लगेच, "पण बघ, तू विचारलंस आणि तिने सांगून टाकलं. किती लकी आहेस." तू गेलीस त्या मंगळवारी मी त्याचं उत्तर घेऊनच येत होते. म्हणजे, घेऊन येतेय असं मला वाटत होतं. आता ते काय होतं तेही आठवत नाही.

तुला पुरलं तेव्हा ऊन होतं. लोक कितीतरी आले होते, अर्ध्यांना मी आपण रेकॉर्ड केलेल्या घरांमुळे ओळखत होते. माती टाकायला सुरुवात झाली आणि हीथ्रोकडे जाणारं विमान अगदी डोक्यावरून गेलं. शूटिंगमध्ये आपण दर वेळी थांबायचो. तू हात वर करायचीस, सगळे पुतळे, विमान जाईपर्यंत. मी आजूबाजूला बघितलं, कुणीतरी हात वर करेल म्हणून. कुणीच थांबलं नाही, फावडी चालूच राहिली. मला त्या माणसांचा इतका राग आला.

त्या दिवशी तुझ्या घरी पिठलं-भात घेऊन गेले. आमच्याकडे मयताच्या घरी चूल पेटवत नाहीत, शेजारीपाजारी जेवण आणतात. दार उघडलं तर तुपात पीठ भाजल्याचा वास, केशर, गुलाबपाणी. मामान कढईपाशी उभ्या राहून हलवा ढवळत होत्या. मी हबकलेच. मुलीला पोचवून आल्याबरोबर गोडधोड? तुझ्या मावशीने सांगितलं, वास गेलेल्यांपर्यंत पोचतो, म्हणून करायचा असतो. मला माहीत नव्हतं, लादन. इतकी वर्षं तुमच्यात वावरले आणि हे माहीत नव्हतं, कारण तोवर कुणी गेलंच नव्हतं. मी पिठल्याचा डबा ओट्यावर ठेवला आणि ढवळायला लागले. दोघींचे हात भरून आले तरी वास काही कमी होईना.

काल पुन्हा गेले. मामान या रविवारी लीड्सला जातायत, मावशीकडे, कायमच्या. फ्लॅट परत द्यायचाय. म्हणजे विचारायचं तर कालच. तू असतीस तर जिन्यातच अडवलं असतंस मला.

त्या एकट्याच होत्या. ओट्यावर तुझा फोन चार्जिंगला लावलेला. अजून शिराझहून फोन येतात, म्हणाल्या, ज्यांना कळलेलं नाही त्यांचे. आम्ही चहा घेतला. मी माझ्या मोडक्या फारसीत आणि त्यांच्या मोडक्या इंग्रजीत सगळं सांगितलं. त्या दिवशीचा रूम टोन, त्यांचं वाक्य, तुला ते फिल्मच्या शेवटी हवं होतं हे, आणि तू का विचारलं नाहीस तेही. मग सरळ विचारलं, "मामान, ठेवू का?"

"तुझी मर्जी, जान. तुला योग्य वाटेल ते."

"नाही मामान. तुमची मर्जी काय?"

"माझं काय, मी म्हातारी. तू शिकलेली, तू ठरव."

"तुम्ही नको म्हणालात तर मी आत्ता पुसून टाकेन. मला वाईट वाटणार नाही."

"कोर्बानेत बेरम," त्या म्हणाल्या. म्हणजे, तुझ्यावरून ओवाळून जाईन. "आवाज काय, सगळं तुझंच आहे. आणखी चहा?"

जसंच्या तसं, लादन. तू म्हणाली होतीस अगदी तसं. मला एकदम तुझा इतका राग आला, बरोबर होतीस म्हणून. आणि मी काय करावं ते न सुचून लॅपटॉप उघडला आणि हेडफोन त्यांच्या कानांवर चढवले. म्हटलं, निदान ऐका तरी, काय देताय ते.

त्या हात मांडीवर ठेवून ऐकायला बसल्या. मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते. वाक्य येईल तेव्हा काहीतरी दिसेल, हो किंवा नाही, मी साताऱ्याची असले तरी तेवढं मला वाचता येईल, असं वाटत होतं. पण वाक्य यायच्या आधीच त्यांचा हात झटकन वर गेला आणि हेडफोनवर दाबला गेला. डोळे मोठे झाले. पुढे त्यांचं स्वतःचं वाक्य येऊन गेलं, त्याच्याकडे त्यांचं लक्षच नव्हतं.

"परत," त्या म्हणाल्या.

मी परत लावलं. पुन्हा तिथेच हात वर.

"परत."

पुन्हा लावलं. मग त्यांनी हेडफोन काढले आणि मला विचारलं, "हे तू पुसतेस ना? लादन सांगायची. वैजू माझा खडा पुसून टाकते, सगळ्या घरांतून."

"हो," मी म्हटलं.

"माझं बोलणं ठेव नाही तर टाक. हे काढायचं नाही."

"नाही काढणार, मामान."

"असं नाही. शपथ घे."

मी शपथ घेतली. त्यांनी मला तुझी घ्यायला लावली. आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं, त्यात कुठे जान नव्हतं, छातीवर हात नव्हता, तुझी मर्जी नव्हती. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच त्यांनी माझ्याकडे काहीतरी मागितलं होतं, आणि ते मिळेपर्यंत त्या सोडणार नव्हत्या. म्हणजे त्यांना हवं असलं की मागता येतं. म्हणजे वाक्याबद्दलचं ते "ठेव नाही तर टाक" खरं होतं. त्यांना खरोखरच फरक पडत नव्हता. तू एवढी वर्षं त्या वाक्यासाठी भांडलीस आणि मी त्या वाक्यावरून भांडले, आणि त्यांनी ते कधीच जपून ठेवलेलं नव्हतं. कुणी नीट ऐकवलं नव्हतं एवढंच.

निघताना त्यांनी माझा पिठल्याचा डबा हातात दिला. जड लागला. उघडून बघितलं तर हलवा, काठोकाठ, वर पिस्ते लावलेले. त्या म्हणाल्या, "रिकामं परत करत नाहीत ना तुमच्याकडे."

मी जिन्यातून उतरले. ईलिंग रोडच्या कोपऱ्यावर त्या भाजीवाल्याच्या दुकानापाशी आले, बाहेर मेथी मांडलेली होती, कोवळी. आणि मी काय केलं? फोन काढला आणि तुला लावला. काही विचार नव्हता त्यात. आपलं भांडण मिटलं होतं, आणि ते कुणाला सांगणार दुसरं? लादन, ऐक, तुझंही बरोबर होतं आणि माझंही, आणि मामाननी आपल्या दोघींना मूर्खात काढलं, असं सगळं माझ्या तोंडावर आलेलं होतं. बेल वाजली. दुसरी वाजली. आणि मग मला कळलं मी काय करतेय, आणि ठेवणार तोच फोन उचलला गेला.

"अलो," मामान म्हणाल्या.

मला काही बोलता आलं नाही. स्क्रीनवर माझं नाव दिसत असणार त्यांना, तूच ठेवलेलं, साताऱ्याची काहीतरी थट्टा असलेलं. त्यांनी विचारलं नाही काय म्हणून. त्यांना कळलं असावं. त्याही गप्प राहिल्या. तुझ्या स्वयंपाकघरातला फ्रिज चालू होता. खालून एक बस गेली, मला ती माझ्यासमोरही दिसली. मी दुकानाच्या भिंतीला टेकून डोळे मिटले.

मग फोनमध्ये अगदी जवळ, कुडुम.

आता त्यांच्या दातांत, लादन. मी फोन ठेवला नाही. खोलीचा आवाज पूर्ण होईपर्यंत हलायचं नसतं.